पडद्यावरचा चमत्कार आणि पडद्यामागचा मिस्त्री

(द्वितीय वर्ष कला)

चित्रपट कोणाचा? हा प्रश्न आपल्या महाविद्यालयाच्या कट्ट्यावर कोणालाही विचारून पाहावा. पहिले उत्तर येते ते नायकाचे किंवा नायिकेचे. थोडे वाचन असलेला एखादा मित्र दिग्दर्शकाचे नाव घेतो. गाण्यांचा शौकीन संगीतकाराचे नाव सांगून मोकळा होतो. कॅमेरा कोणी चालविला हे शंभरात एखाद्याला ठाऊक असते. आणि ज्याने पडद्यावर माणूस अदृश्य केला, ज्याने हनुमंताला समुद्रावरून उडविले, त्याचे नाव मात्र कोणालाच सांगता येत नाही. गंमत अशी की, कथा विसरलेल्यांनाही तो उडणारा हनुमान आठवत असतो. काम ध्यानात आणि कर्ता विस्मृतीत, असा हा न्याय आहे. हा न्याय मला मान्य नाही, म्हणून हा लेखप्रपंच.

कोणी म्हणेल, कलाशाखेच्या विद्यार्थिनीने ट्रिकसीनवर लेख लिहावा, हा काय प्रकार? आपल्याकडे असा एक समज दृढ आहे की, अभिनय ही कला, संगीत ही कला, दिग्दर्शन ही तर कलाच. परंतु ट्रिकसीन म्हणजे हातचलाखी. बालगोपाळांना रिझविण्याचा तो एक उद्योग! साहित्यशास्त्राच्या तासाला आपण ‘कला आणि कारागिरी’ हा भेद शिकतो. कलावंताजवळ प्रतिभा असते व कारागिराजवळ सराव असतो, असे त्या भेदाचे सोपे रूप आपण परीक्षेच्या उत्तरपत्रिकेत उतरवून येतो. माझे म्हणणे असे आहे की, कॅमेऱ्याच्या करामती करणाऱ्या माणसांच्या आयुष्याकडे पाहिले, तर हा भेद फार काळ टिकत नाही. त्यांच्या बाबतीत हात आणि बुद्धी यांची फारकत करताच येत नाही.

आरंभ आपल्याच मातीपासून करू. दादासाहेब फाळके यांना आपण भारतीय चित्रपटाचे जनक म्हणतो. १८७० साली त्र्यंबकेश्वरी जन्मलेला हा माणूस मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि बडोद्याच्या कलाभवनात शिकला, पुढे छायाचित्रकार झाला, मुद्रक झाला आणि जादूचे प्रयोगही करू लागला. १९१२ साली लंडनहून कॅमेरा घेऊन आल्यावर त्यांनी काय केले? कुंडीत वाटाण्याचा दाणा लावला आणि ठराविक अंतराने एकेक चित्र घेत राहिले. सुमारे महिनाभराचे ते काम. पडद्यावर मात्र मिनिटाभरात दाण्यातून अंकुर फुटला, वेल वाढला. ‘अंकुराची वाढ’ या नावाने ओळखला जाणारा हा इवलासा चित्रपट दाखवून त्यांनी भांडवल उभे केले आणि मग ‘राजा हरिश्चंद्र’ झाला, जो ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लोकांसमोर आला. म्हणजे आपल्या चित्रसृष्टीचा पाया ज्या विटेवर उभा आहे, ती पहिली वीट ट्रिकचीच आहे! ‘लंकादहन’ (१९१७) आणि ‘कालिया मर्दन’ (१९१९) यांतही त्यांचा हा हात दिसतो. या ठिकाणी आणखी एक नाव घेतलेच पाहिजे, ते सरस्वतीबाई फाळके यांचे. कच्च्या फिल्मला छिद्रे पाडणे, फिल्म धुणे, शिवाय चित्रीकरणास आलेल्या सगळ्या मंडळींचा स्वयंपाक, ही कामे त्या माउलीने केली. पडद्यावर त्यांची सावलीसुद्धा नाही.

फाळक्यांना निदान ‘जनक’ ही पदवी मिळाली. त्यांच्या नंतर या वाटेने जे गेले त्यांचे काय झाले, हे पाहण्यासाठी मी एका माणसाची निवड केली आहे. त्यांचे नाव बाबूभाई मिस्त्री. १९१८ साली सुरत परिसरात जन्मलेले हे गृहस्थ मुंबईच्या चित्रसृष्टीत आले ते अगदी कोवळ्या वयात. त्या वेळी युनिव्हर्सल कंपनीचा ‘द इन्व्हिजिबल मॅन’ (१९३३) हा इंग्रजी चित्रपट गाजत होता. प्रकाश पिक्चर्सच्या विजय भट्ट यांच्या मनात आले की, असा अदृश्य माणूस आपल्या पडद्यावर का येऊ नये? ते काम त्यांनी बाबूभाईंवर सोपविले. तो चित्रपट म्हणजे १९३७ चा ‘ख्वाब की दुनिया’. ज्या वर्षी तो पडद्यावर आला, त्या वर्षी बाबूभाई एकोणीस वर्षांचे झाले. आज मीही एकोणीस वर्षांचीच आहे. प्रथम सत्राचा अभ्यास वेळेवर न झाल्याची चिंता करणाऱ्या आपणा सर्वांना या वयाचा विचार करावयास हरकत नाही.

हॉलिवुडजवळ मोठमोठ्या प्रयोगशाळा होत्या. बाबूभाईंजवळ काय होते? काळा दोरा. काळ्या पार्श्वभूमीपुढे काळ्या दोऱ्याने वस्तू हलवावयाच्या. पडद्यावर पेला आपोआप उचलला जातो, खुर्ची आपोआप सरकते, आणि पाहणाऱ्याला तेथे अदृश्य माणूस बसल्याचा भास होतो. या करामतीने त्यांना ‘काला धागा’ हे टोपणनावच चिकटले. जी गोष्ट कोणाला दिसू नये म्हणून एवढा खटाटोप करावयाचा, तीच गोष्ट माणसाचे नाव होऊन बसावी, ही मोठी मौजेची बाब नव्हे काय?

या दोऱ्यामागचे शास्त्र समजून घेण्यासारखे आहे. फिल्मवर उमटतो तो प्रकाश. काळी वस्तू प्रकाश परत पाठवीत नाही. म्हणून काळे म्हणजे फिल्मच्या लेखी तेथे काहीच घडले नाही. काळ्यापुढे काळे ठेवले की ते नाहीसे होते. शिवाय जेथे काहीच उमटले नाही, तेवढी फिल्म कोरीच राहते आणि ती मागे गुंडाळून त्याच जागी दुसरे चित्र घेता येते. माणसाला काळ्या मखमलीत गुंडाळून काळ्या मखमलीपुढे उभे केले आणि फक्त त्याचा सदरा उघडा ठेवला, तर सदरा एकटाच चालताना दिसेल. मागाहून त्याच फिल्मवर खोलीचे चित्र घेतले की सदरा खोलीत चालू लागेल. अर्थात हे सांगावयास सोपे आहे.

किती सोपे आहे हे पाहण्यासाठी दिवाळीच्या सुट्टीत मी घरी प्रयोग केला. आजीची काळी घोंगडी भिंतीला टांगली, शिवणाच्या काळ्या दोऱ्याने वाटी बांधली, धाकट्या भावाला माळ्यावर बसवून दोरा ओढावयास सांगितले आणि मोबाइलने चित्रण केले. दोरा स्पष्ट दिसला! दिव्याचा उजेड पडताच तो चकाकत होता. मग दोऱ्याला काजळी फासली. दोरा दिसेनासा झाला. पण वाटी गरगर फिरू लागली. दोन दोरे बांधले, तर ती एका अंगाला कलू लागली. दिवा बाजूला घेतला, तर घोंगडीवर वाटीची सावली पडली. वाटी पडद्यावर चार सेकंद नीट तरंगण्यासाठी आमची संपूर्ण दुपार गेली. घोंगडी आमची होती आणि मोबाइलवर केलेले काम लगेच पाहता येत होते. बाबूभाईंच्या काळी फिल्म धुऊन येईपर्यंत दोरा दिसला की नाही हे कळण्याची सोय नव्हती, आणि कच्च्या फिल्मचा फूट न् फूट पैशाने मोजलेला होता. चार सेकंदांच्या वाटीनंतर ‘केवळ हातचलाखी’ हे शब्द उच्चारण्याचे धैर्य निदान मला तरी होणार नाही.

दोरा ही पहिली पायरी. एकाच चौकटीत एकाच नटाला दोनदा दाखवावयाचे असेल, तर भिंगापुढे काळा पुठ्ठा धरून अर्धी चौकट झाकावयाची, उरलेल्या अर्ध्यात चित्रण करावयाचे, फिल्म मागे घ्यावयाची, पुठ्ठा दुसऱ्या बाजूला लावावयाचा आणि नटाला पुन्हा उभे करावयाचे. एका सेकंदाला २४ चौकटी. म्हणजे दहा सेकंदांच्या दृश्याला २४० चौकटी मोजून मागे याव्या लागतात. मोजण्यात दोन चौकटींची चूक झाली, कॅमेरा केसभर हलला, की सर्व श्रम पाण्यात. लहानशा लंकेची मोठी लंका भासविणे हे आणखी वेगळे. खेळण्यातल्या एवढा बुरूज कोसळतो तेव्हा तो झटकन कोसळतो आणि खेळणे म्हणून ओळखू येतो. म्हणून कॅमेरा अधिक वेगाने चालवितात, म्हणजे पडद्यावर पडणे सावकाश होते. विज्ञानशाखेतील मैत्रिणीने याचे गणित मला समजावून दिले. बुरूज खऱ्याच्या एक चतुर्थांश असेल, तर वेग दुप्पट. सोळाव्या हिश्शाचा असेल, तर चौपट, म्हणजे सेकंदाला ९६ चौकटी. यात चित्रकला आहे, सुतारकाम आहे, पदार्थविज्ञान आहे, आणि या सर्वांच्या वर ‘प्रेक्षकाचा डोळा कोठे जाईल’ हे जाणणारे मन आहे. या मनाला प्रतिभा म्हणावयाचे नाही, तर दुसरे काय म्हणावयाचे?

बाबूभाई पुढे होमी वाडिया यांच्या बसंत पिक्चर्सच्या चित्रपटांत रमले. ‘अलादीन और जादुई चिराग’ (१९५२), ‘हातिमताई’ (१९५६) अशा चित्रपटांच्या जादूमागे त्यांचा हात होता. पुढे त्यांनी स्वतः दिग्दर्शनही केले. ‘संपूर्ण रामायण’ (१९६१), ‘पारसमणी’ (१९६३), ‘महाभारत’ (१९६५) हे त्यांचे चित्रपट. ‘संपूर्ण रामायण’ मी अलीकडेच पाहिला. आजच्या डोळ्याला त्यातले काही सांधे दिसतात, नाही असे नाही. पण ते दिसूनही मी पाहत राहिले, कारण प्रत्येक सांध्यापाशी एक माणूस विचार करीत बसल्याची खूण दिसत होती. बाबूभाई २०१० च्या डिसेंबरात निवर्तले, त्या वेळी त्यांचे वय ९२ वर्षांचे होते. आपल्या वर्गातील किती जणांनी त्यांचे नाव ऐकले आहे? मी विचारले. एकानेही नाही.

परंतु ‘मिस्टर इंडिया’ (१९८७) किती जणांनी पाहिला आहे, असे विचारताच बहुतेक सर्व हात वर झाले! मनगटावरचे यंत्र दाबताच नाहीसा होणारा आणि तांबड्या उजेडातच दिसणारा तो नायक आईवडिलांच्या पिढीपासून आपल्या पिढीपर्यंत सर्वांच्या ओळखीचा आहे. संगणक मदतीला नसतानाचे हे काम पीटर परेरा यांचे. ते कॅमेरामन होते आणि करामतींचे जाणकारही. बाबूभाईंच्या हाताखाली ते तयार झाले. म्हणजे १९३७ चा अदृश्य माणूस आणि १९८७ चा अदृश्य माणूस यांच्यामध्ये बरोबर पन्नास वर्षांचे अंतर आहे आणि गुरुशिष्यांचे नाते आहे. गायनात आपण घराणी मानतो, त्यांची वंशावळ पाठ करतो. मग काळ्या दोऱ्याच्या या घराण्याची नोंद कोणी करावयाची?

हे केवळ आपल्याच देशात घडते असे नाही. अमेरिकेत लिनवुड डन नावाचा एक कॅमेरामन होऊन गेला. जन्म १९०४ चा. सुरुवात कॅमेरामनचा मदतनीस म्हणून. १९२९ पासून आर. के. ओ. या कंपनीत करामतींच्या विभागात. ‘किंगकाँग’ (१९३३) मधील वेगवेगळी चित्रे एकत्र जुळविण्याच्या कामात तो होता. ‘ब्रिंगिंग अप बेबी’ (१९३८) मध्ये नटनट्यांच्या शेजारी खरा बिबट्या वावरतो. ती दोन चित्रे एकत्र सांधली ती डनने. ज्या ‘सिटिझन केन’ (१९४१) चे नाव घेतल्याशिवाय जागतिक चित्रपटाचा इतिहास सुरूच होत नाही, त्याचा मोठा भाग डनच्या यंत्रातून गेलेला आहे. हे यंत्र म्हणजे ऑप्टिकल प्रिंटर. एका बाजूला प्रक्षेपक, त्याच्याकडे तोंड करून दुसऱ्या बाजूला कॅमेरा. एका फिल्मचे चित्र दुसऱ्या फिल्मवर चौकटीमागून चौकट उतरवावयाचे, आणि उतरविताना त्यात भर घालावयाची, काढून टाकावयाचे, जोडावयाचे. आधी प्रत्येक जण आपापल्या हाताने असे यंत्र जुळवी. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सैन्याच्या चित्रणपथकांना सर्वांना वापरता येईल असे तयार यंत्र हवे होते. ते डन आणि त्याचा सहकारी सेसिल लव्ह यांनी रचले. त्याबद्दल ऑस्कर देणाऱ्या संस्थेने १९४४ सालासाठी त्यांना लहानसा तांत्रिक सन्मान दिला. त्याच यंत्रासाठी त्याच संस्थेने पूर्ण मानाचे ऑस्कर दिले ते १९८१ मध्ये! मधल्या काळात जगभरच्या चित्रपटांचे सांधे अशाच यंत्रांनी जुळविले जात होते. डन १९९८ साली, वयाच्या ९३ व्या वर्षी वारला. मूकपटापासून संगणकापर्यंतचा काळ त्याने पाहिला आणि अखेरपर्यंत तो नवे शोधीत राहिला. दिग्दर्शक ऑर्सन वेल्सचे नाव मात्र जगाला ठाऊक आहे. डनचे नाव त्याच्या व्यवसायातल्यांना.

आता विरोधी मतांचा विचार करू. एक आक्षेप असा की, पौराणिक चित्रपटांतील या चमत्कारांनी समाजात अंधश्रद्धा वाढली. हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही. पडद्यावरच्या देवाला प्रेक्षागृहात नारळ फोडणारा आपला समाज आहे. तथापि मला याची दुसरी बाजू अधिक महत्त्वाची वाटते. पडद्यावरचा प्रत्येक चमत्कार हा माणसाने केलेला आहे, हे ज्याला समजले तो गावात आलेल्या बाबाच्या चमत्काराला सहजासहजी भुलणार नाही. डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि त्यांचे सहकारी गावोगाव चमत्कार करून दाखवीत व लगोलग त्यामागचे रहस्य उलगडून सांगत. २० ऑगस्ट २०१३ रोजी दाभोलकरांची हत्या झाली, आणि त्याच वर्षी डिसेंबरात जादूटोणाविरोधी कायदा विधिमंडळाने संमत केला. कायदा हवाच, पण दोरा पाहण्याची सवय ही कायद्याच्या आधी लागते. ट्रिकसीन करणारा आणि भोंदू बाबा यांत फरक एवढाच की, एक म्हणतो ‘हे मी केले’, दुसरा म्हणतो ‘हे देवाने केले’. म्हणून पहिल्याचे नाव आपण मोठ्याने घेतले पाहिजे. कर्त्याचे नाव पुसले गेले की करामतीचा चमत्कार होतो.

‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) या प्रभातच्या चित्रपटात भिंत चालते. दामले आणि फत्तेलाल यांचा तो चित्रपट आमच्या घरी सर्वांनी मिळून पाहिला. भिंत चालू लागली तेव्हा आजीने हात जोडले. आमचे आबा मात्र पुढे सरकून पाहू लागले आणि म्हणाले, “भिंत कोणी बांधली असंल?” आबा गवंडी आहेत. आई त्यांच्या हाताखाली माल देते. आमच्या घरात महाविद्यालयाची पायरी चढणारी मी पहिली. आबांचा प्रश्न मला कोणत्याही रसग्रहणापेक्षा मोलाचा वाटतो. चालणारी भिंतसुद्धा आधी कोणाला तरी बांधावी लागते, हे त्यांना हाताने ठाऊक आहे.

भिंत बांधताना गवंडी या टोकापासून त्या टोकापर्यंत दोरी ताणतो आणि तिच्या अंगाने विटांचा थर लावतो. भिंत पूर्ण झाली की दोरी गुंडाळली जाते, ओळंबा पिशवीत जातो, वर गिलावा चढतो आणि विटाही दिसेनाशा होतात. आबांनी ज्या एका शिक्षणसंस्थेच्या इमारतीवर दोन वर्षे काम केले, तिच्या दर्शनी भागात कोनशिला आहे. तिच्यावर उद्‌घाटकांचे नाव आहे, अध्यक्षांचे आहे, देणगीदारांचे आहे. इमारत बांधणाऱ्यांपैकी एकाचेही नाव नाही. आबांना त्याचे वाईट वाटत नाही. वाटते ते मला. ‘पोरगी शिकली, आता हात मळायला नकोत’ असे शेजारीपाजारी कौतुकाने म्हणतात. हात मळू नयेत हे ठीक आहे. परंतु शिक्षणाने मला मळलेल्या हातांकडे वरून पाहण्यास शिकविले, तर त्या शिक्षणाचे मी काय करू? ‘मिस्त्री’ हा शब्द आपल्याकडे कुशल कारागिरासाठी वापरतात. तो शब्द ‘कलावंत’ या शब्दाच्या एक पायरी खाली आहे असे मला कोणी शिकवू लागले, तर मी आता ऐकणार नाही.

दुसरा आक्षेप आजच्या काळाचा आहे. ‘आता हे सारे संगणक करतो; माणसाचे काय राहिले?’ असे पुष्कळांना वाटते. वस्तुस्थिती तशी नाही. संगणक आला, तरी नटाच्या आकृतीभोवती चौकटीमागून चौकट रेषा ओढून त्याला पार्श्वभूमीपासून वेगळे काढणारे, दृश्यातील तार पुसून टाकणारे हात आहेतच. मुंबई, पुणे, हैदराबाद, चेन्नई या शहरांत आपल्याच वयाची हजारो मुलेमुली हे काम करतात, आणि परदेशी चित्रपटांचेही करतात. काळा दोरा गेला. पण दोरा पुसणारा माणूस आला!

आणि त्याच्या वाट्याला काय येते? ‘लाइफ ऑफ पाय’ (२०१२) या चित्रपटातील वाघ आपण पाहिला असेल. बहुतेक दृश्यांत तो वाघ खरा नाही. त्याचा केस न् केस कलावंतांनी संगणकावर घडविला. ‘रिदम अँड ह्यूज’ या ज्या कंपनीने तो घडविला, तिच्या शाखा मुंबईत आणि हैदराबादेतही होत्या. २०१३ च्या फेब्रुवारीत ही कंपनी दिवाळखोरीत निघाली. त्यानंतर दोन आठवड्यांच्या आतच, २४ फेब्रुवारीस, त्याच कामाला ऑस्कर मिळाले. समारंभाच्या बाहेर या व्यवसायातील लोक निदर्शने करीत होते. आत बिल वेस्टेनहोफर पुरस्कार स्वीकारून आपल्या कंपनीवरच्या संकटाविषयी बोलू लागले, तोच वेळ संपल्याचे सांगणारे संगीत मोठ्याने सुरू झाले आणि त्यांचे शब्द बुडून गेले. ते संगीत कोणते होते? ‘जॉज’ या चित्रपटातील, शार्क माशाच्या येण्याचे! वाघ सर्वांना हवा होता. वाघ करणाऱ्याचे दोन शब्द ऐकण्यास मात्र सवड नव्हती.

कोणी म्हणेल, ‘जे काम दिसू नये हाच ज्याचा हेतू, त्याच्या कर्त्याने तरी का दिसावे?’ हा युक्तिवाद चतुर आहे, पण खरा नाही. काम लपावे हा कलेचा धर्म आहे. कर्ता लपविला जावा हा समाजाचा अन्याय आहे. या दोन गोष्टींची गल्लत होता कामा नये. तसेच, करामत ही कथेच्या सेवेसाठी असावी, नुसत्या लखलखाटासाठी नसावी, हेही मला मान्य आहे. पण हा नियम संवादांना आणि गाण्यांनाही लागू आहे. कंटाळवाण्या गाण्यामुळे आपण संगीताला कलेच्या बाहेर काढीत नाही.

विद्यार्थिमित्रहो, नुसती खंत व्यक्त करून लेख संपविणे मला आवडत नाही. म्हणून तीन गोष्टी सुचविते. पहिली, चित्रपट संपताच उठून दाराकडे धावू नये. शेवटी सरकत जाणारी नावे ही त्या चित्रपटाची कोनशिला आहे. ती पूर्ण वाचता आली नाहीत, तरी त्यांच्यासमोर दोन मिनिटे बसावे. दुसरी, आपल्या वाङ्मय मंडळाने वर्षातून एक कार्यक्रम अशा पडद्यामागच्या माणसांवर ठेवावा. प्रारंभ बाबूभाई मिस्त्रींपासून करावा. घोंगडी आणि दोरा मी घेऊन येईन. तिसरी सूचना संपादक मंडळाला आहे. या वार्षिकाच्या पहिल्या पानांवर दरवर्षी संस्थेचे पदाधिकारी, प्राचार्य, प्राध्यापक आणि विद्यार्थी प्रतिनिधी यांची छायाचित्रे असतात, ती असावीत. पण हा अंक ज्यांनी जुळविला, छापला, शिवला आणि बांधला, त्यांची नावेही कोठेतरी एका ओळीत छापावीत. जागा कमी पडत असेल, तर माझ्या लेखातील एक परिच्छेद खुशाल गाळावा.